फुली असेल तिथं काळं

माझा नवरा शुहेई मासिकासाठी संसाराची चित्रकथा काढतो. त्यातली बायको, हानाए, पहाटे उठून नवऱ्याचा डबा भरते, ताप अंगावर काढते आणि शेवटच्या चौकटीत हसते. बायका तिला पत्रं लिहितात. तिचे केस मी भरते. शाईच्या रेघा तो ओढतो, काळं करायचं तिथं पेन्सिलीनं फुली मारतो. मी कुंचला फिरवते, वाळल्यावर खोडरबर. लग्नाच्या पहिल्याच आठवड्यात त्यानं शिकवलं होतं, "फुली असेल तिथं काळं भरायचं. कुणालाही जमतं."

पाच महिन्यांच्या लेकीला, नागिला, उचलून उचलून माझं उजवं मनगट गेलं. डॉक्टरांनी पट्टा बांधला. तीन आठवडे आराम, नाहीतर शस्त्रक्रिया.

जेवताना म्हटलं, "शुहेई, मी नोशिरोला आईकडे जाते. खरंच होत नाही रे आता."

त्यानं वाडगा खाली ठेवला. वाटलं, ऐकलं. त्यानं वही ओढली.

"परत बोल ना, कसं म्हणालीस? चेहरा तसाच ठेव."

शुक्रवारी पानं समोर आली. हानाएच्या मनगटाला पट्टा. नवरा म्हणतो, "अगं, माहेरी जा की!" ती म्हणते, "आणि तुमचा डबा?" मग ते हसू.

"माझं उत्तर तू का लिहिलंस?"

"गोष्ट आहे गं ती."

"मग खरं विचारते. जाऊ?"

"चारला ओबाता येतोय पानं न्यायला. आधी केस भर, चिगुसा."

मांडीवर नागि रडत होती. मी पांढरा रंग घेतला आणि डाव्या हातानं हानाएचं तोंड बुजवलं. तो वाळेपर्यंत पिशवीत लंगोट भरले.

शुहेईनं पाहिलं. चिडलासुद्धा नाही. रंगावर फुंकर मारली, टाक बुडवला, एक रेघ. हसू परत. नागिच्या शिंकेला याहून जास्त वेळ लागतो.

"दुसऱ्या पानावरचे केस राहिलेत बघ," म्हणाला.

मी नागिला छातीशी बांधलं. दारात संपादक ओबाता बूट काढत होते.

"अरे वा, वहिनी, तुम्हालाही पट्टा? अगदी कच्च्या आराखड्यातली हानाए! वाचक रडतील हो."

"रडू देत."

मी बूट चढवेपर्यंत आतून त्यांचा आवाज आला, "हे काय, केस पांढरेच? म्हातारी झाली का आमची हानाए?"

"चिगुसा!" शुहेई धावत आला. "हे कोण भरणार?"

"फुली असेल तिथं काळं भरायचं," मी म्हटलं. "कुणालाही जमतं."

फलाटावर नागि माझ्या गळ्याशी नाक घासत झोपली. पुढच्या अंकात तो हानाएला माहेरी पाठवेल आणि शेवटच्या चौकटीत परत आणेल, हे मला आत्ताच दिसत होतं. घसा कोरडा पडला होता. पाण्याच्या बाटलीचं झाकण डाव्या हातानं फिरेना.

फोन वाजला. शुहेईचा निरोप: 'आत्ता चेहरा कसा झालाय? फोटो पाठव ना.'

फोन पिशवीच्या तळाशी, लंगोटांखाली ढकलला. झाकण दातांनी उघडलं. गाडी आली.