गल्लीतल्या पोरांची वर्षं

"एकही माणूस दगावलेला नाही," वेळघराचे साहेब म्हणाले. "त्यामुळे याला दुर्घटना म्हणता येत नाही."

इस्त्रीवालीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. शेजारच्या खुर्चीत तिची लेक बसली होती. वय वर्षं सात. केस पांढरेफटक, गालफडं बसलेली, हाताची कातडी लोंबणारी. एका जागी कधी टिकत नसे म्हणून तिला सगळे भिंगरी म्हणायचे. आता उठायचं तर गुडघे कुरकुरत होते, आणि आपल्याला काय झालंय हे काही तिला उमगत नव्हतं. दगावलं होतं ते फक्त गल्लीतलं मांजर. मांजराला कोण विचारतो?

त्या शहरातले दिवे, शेगड्या, इस्त्र्या, सगळं वेळेच्या जोरावर चालायचं. रांगेत ताटकळणाऱ्यांचा, सभेत पेंगणाऱ्यांचा, पाहुणे उठायची वाट बघत बसलेल्या यजमानांचा वाया जाणारा वेळ वेळघरातली यंत्रं टिपून घ्यायची आणि नळांतून घरोघर पाठवायची. कचेऱ्या आहेत तोवर तुटवडा पडायचा नाही, असं लोक गमतीनं म्हणत. नळांचे सांधे मंत्रानं बांधलेले असत. मंत्र झिजला की सांधा झिरपू लागे.

इस्त्रीवालीच्या गल्लीतला सांधा कधीपासून झिरपत होता, आणि गल्लीला त्याचं भारी कौतुक. कच्ची फळं खाली ठेवली की गप्पा आटपेपर्यंत पिकायची. कपडे वाळायचे, दही लागायचं. आयत्या बिळावर नागोबा व्हायला कोणाला नको असतं? इस्त्रीवालीनं स्वतःही गिऱ्हाइकांच्या चादरी तिथं वाळवल्या होत्या. पण एकदा भिंगरीनं गंमत म्हणून सांध्याखाली हात धरला आणि लांबच लांब वाढलेली नखं नाचवत घरी आली, तेव्हा आईनं हातातली इस्त्री खाली ठेवली. ती तशीच तक्रार करायला निघाली.

वेळघरात नव्हे. दिराकडे. दीर वेळघरात सांधेवाला होता, झिजलेले मंत्र पुन्हा बांधणं हेच त्याचं काम. घरचा माणूस असताना परक्या खिडकीसमोर कशाला उभं राहायचं? सगळी गल्ली त्याच भरवशावर होती. इस्त्रीवालीचा दीर आहे ना, बघेल तो.

"बघतो वहिनी," तो म्हणाला होता. "साहेबांच्या कानावर घालतो."

मग एका दुपारी, मोठी माणसं कामावर आणि पोरं गल्लीत खेळत असताना, सांधा फुटला. नळ क्षणात रिकामा झाला, आणि रिकाम्या नळानं समोर सापडेल ते ओढून घेतलं. पोरांची पुढची सगळी वर्षं त्यानं शोषली आणि वेळघराच्या टाकीत नेऊन ओतली. संध्याकाळी आया घरी आल्या तर गल्लीत म्हातारीकोतारी माणसं चेंडूवरून भांडत बसली होती. आज, काही दिवसांनी, त्या आया आपापली पोरं घेऊन बाहेर व्हरांड्यात बसल्या होत्या.

"आमच्या पोरांची वर्षं टाकीत आहेत ना?" इस्त्रीवाली म्हणाली. "मग परत घाला."

"नियम असा आहे," साहेब म्हणाले, "तक्रार आलेली असेल तर चूक वेळघराची, आणि वेळ तुमचा. तक्रार न करता तुम्ही गळती वापरत राहिलात, म्हणजे चूक तुमची, आणि टाकीत आलेला वेळ वेळघराचा. फळं पिकवताना गोड लागत होती ना?"

"मी तक्रार केली होती."

"कोणाकडे?"

तिनं मान वळवली. दीर भिंतीला टेकून उभा होता. साहेबांनी शांतपणे विचारलं, "काय हो सांधेवाले, आली होती तक्रार?"

दीर चपलेच्या अंगठ्याकडे बघत राहिला. चोर तो चोर, वर शिरजोर, हे तिला कळत होतं. साहेबाकडून तिला दुसरी अपेक्षाही नव्हती. पण हा घरचा. नवरा गेल्यावर याच्या पानात तिनं आधी वाढलं होतं, मग स्वतःच्या. तिला त्याचं तोंड फोडावंसं वाटलं.

"वेळ लागतो अशा चौकशीला," साहेब म्हणाले. "तुम्ही पुढच्या आठवड्यात या."

वर दिवा जळत होता. भर दुपारी, खिडकी उघडी असताना. तिनं त्याच्याकडे बघितलं, मग दिराकडे.

"भाऊजी, हा दिवा कुठल्या टाकीवर चालतो?"

दीर दाराकडे सरकला.

"मी विचारतेय ना."

"त्याच," तो पुटपुटला. "नळ फुटल्यापासून सगळं शहर त्याच टाकीवर आहे."

"आणि रोज घरी येऊन मला सांगत होतास, धीर धरा वहिनी?" इतक्या वर्षांत तिनं त्याला कधी अरे-तुरे केलं नव्हतं. "माझ्या पोरीची वर्षं जाळून याला उजेड, आणि तू त्या उजेडात उभा? तोंड उघड. नाहीतर मी मेले तरी माझ्या दारात येऊ नकोस."

भिंगरी दचकली. "काका, सांग ना तिला," ती घोगऱ्या आवाजात म्हणाली. "ती मग ओरडत नाही."

दिराचा चेहरा पिळल्यासारखा झाला. "आली होती तक्रार," तो म्हणाला. "मी साहेबांना सांगितलं. साहेब म्हणाले, गल्ली खूश आहे ना, मग राहू दे. मी राहू दिलं."

"नोकरी गेली तुझी," साहेब म्हणाले.

"जाऊ दे."

तो तडक टाकीघराकडे निघाला, मागोमाग इस्त्रीवाली. व्हरांड्यातल्या आयांना काय चाललंय ते सांगावं लागलं नाही. पोरांना धरून त्याही उठल्या. शहराला जाणारा नळ बंद करायचं चाक एकट्यानं फिरणारं नव्हतं. सगळ्याजणी चाकाला झोंबल्या, तेव्हा कुठं ते हललं. शहरातले दिवे, इस्त्र्या, शेगड्या एका दमात थंड पडल्या. साहेब धापा टाकत दारात आले आणि त्या बायकांकडे बघून दारातच थांबले.

दिरानं टाकीचं झाकण उघडलं, आत डोकावला आणि तसाच वाकून राहिला.

"काय?"

"लहानपणाचा वेळ हलका असतो, वहिनी. तो वर तरंगतो." त्यानं झाकण बाजूला ठेवलं. "वरचं आधी जळतं."

उरलं होतं ते पोरांना परत घातलं. सुरकुत्या गेल्या, केस काळे झाले, पाठी ताठ झाल्या, आणि तिथंच सगळं थांबलं. इस्त्रीवालीसमोर तिच्यापेक्षा वीतभर उंच, भरल्या अंगाची बाई उभी राहिली. शाळा, पडके दात, खरचटलेले गुडघे, सगळं मधल्यामध्ये जळून गेलं होतं, कुठल्यातरी कचेरीच्या भरदुपारच्या दिव्यात.

"बघा," साहेब दारातून म्हणाले, "धडधाकट तरुण मुलगी मिळाली. आणखी काय हवं?"

इस्त्रीवाली त्याच्या अंगावर धावूनच गेली असती. पण भिंगरीनं तिचा पदर धरला. "आई, कडेवर घे."

तिनं घ्यायचा प्रयत्न केला. जमेना. शेवटी ती पायरीवर बसली आणि त्या एवढ्या मोठ्या बाईला तिनं मांडीवर ओढून घेतलं. भिंगरीचे पाय पार खालच्या पायरीपर्यंत गेले.

"आई, तू माझ्यावर रागावलीस?"

"नाही गं."

"मग कोणावर?"

"यांच्यावर," तिनं साहेबाकडे बोट दाखवलं. मग तेच बोट दिराकडे गेलं, आणि तिथून हळूच स्वतःच्या छातीकडे वळलं. "आणि हा राग मी मरेपर्यंत जाणार नाही. तू घाबरू नकोस."

भिंगरीनं मान डोलावली आणि पूर्वीसारखं आईच्या गळ्यात डोकं खुपसायला ती अंग चोरत, वाकत राहिली.