ओटीचं खोबरं आणि सोनेरी कार्ड

“चाकं हायेत म्हून मिरवू नको, पोरी. ज्याले घरच्यासाठी थांबता येत नाही, तो तुह्यासाठी काहून थांबन?”

एका पत्र्याच्या पेटीने मला हे एकदा सांगितले होते. मी मनातल्या मनात हसले. जन्मभर एका भिंतीला पाठ लावून बसलेली ती पेटी, तिला जगाचे काय कळणार, असे मला वाटले.

मित्रांनो, मी एक जुनी, लाल, चाकांची बॅग आहे. चार चाकांपैकी एक आता तुटले आहे. नागपूरच्या विमानतळावर बेवारस सामानाच्या खोलीत, एक छत्री आणि एकाच पायाचा बूट यांच्यामध्ये मी बसून असते. पण मी हरवलेली नाही. मला टाकले आहे. आणि ज्याने टाकले, त्याच्यावर सूड उगवूनच मी इथे आले आहे. ती हकिगत ऐका.

माझा जन्म कारखान्यात झाला. कापड चांगले, चेन मजबूत, अस्तर मात्र घाईत शिवलेले. आतल्या एका कोपऱ्यात टाके विरळ पडले. तो कोपरा लक्षात असू द्या.

अमरावतीच्या एका दुकानातून मला साधनाने घेतले. तिला सातवा महिना होता आणि बाळंतपणासाठी ती माहेरी, अकोल्याला निघाली होती. साधनाचा स्वभाव काळजीचा. बाळाची झबली तिने दोनदा धुऊन, उन्हात वाळवून माझ्यात भरली. दुपटी, टोपडी, वेखंडाची पुडी. घर सोडण्याआधी तिने गॅस बंद आहे ना ते तीनदा पाहिले. तिच्या हातांत जपणूक होती. माझ्या आयुष्यातला पहिला वास बाळाच्या कपड्यांचा, म्हणून मी स्वतःला भाग्यवान समजत असे.

अकोल्याच्या जुन्या शहरात साधनाच्या आईचे, माणिकबाईंचे, हारफुलांचे दुकान आहे. घरभर शेवंतीच्या करंड्या. त्यांच्याच आड ती पत्र्याची पेटी होती आणि तिच्याशेजारी मला ठेवले होते.

बारा ऑगस्टला साधनाला मुलगी झाली. तिचे नाव प्रतीक्षा ठेवले. बाळाचा बाप, रोहित, तेव्हा मुंबईला होता. तो पोचला चौदाला.

रोहित मूळ मोर्शीचा. घरची संत्र्याची बाग. स्वतः ठिबक सिंचनाच्या कंपनीत साहेब. विमानाने फिरायचे काम, आणि त्यातूनच त्याला एक नाद लागला होता. एका विमान कंपनीची योजना होती. तिच्या विमानाने जितके जास्त उडाल तितके पॉइंट. वर्षभरात ठरलेले पॉइंट झाले की निळ्या कार्डाचे चांदीचे होते, चांदीचे सोन्याचे होते. सोन्याचे कार्ड असले की रांग वेगळी, बसायची खोली वेगळी, सामानाला ‘प्रथम’ अशी लाल पट्टी. आणि एकतीस मार्च उलटला की पॉइंटची पाटी कोरी. पुन्हा पहिल्यापासून उडायचे.

“जावईबापू, दोन दिस लागले तुमाले?” माणिकबाईंनी विचारले.

“तसं त्याच दिवशी विमान होतं,” रोहित सहज म्हणाला, “पण ते दुसऱ्या कंपनीचं. त्याचे पॉइंट आपल्याले भेटत नाहीत न.”

माणिकबाई हार ओवत होत्या. त्यांची सुई थांबली. “पोरीचे किती पॉइंट भेटले मग?” एवढेच त्या म्हणाल्या आणि पुन्हा ओवू लागल्या.

रोहितची नजर तोवर माझ्यावर पडली होती. “ही बॅग बरी आहे. मलेच होईल,” तो म्हणाला. पेटीने मला तो इशारा दिला, तो त्याच संध्याकाळी. मी ऐकले नाही. मला विमान पाहायचे होते.

पाहिले. पोटभर पाहिले. मित्रांनो, खोटे कशाला बोलू, सुरुवातीला मला फार ऐट आली. लाल पट्टी बांधलेली मी पट्ट्यावरून सगळ्यांत आधी बाहेर येई. इतर बॅगा मागे खोळंबत. रोहित मला थोपटून म्हणे, “माझी लकी बॅग.” त्याचे कार्ड चांदीचे झाले, मग सोन्याचे झाले. ते त्याने पाकिटात देवाच्या फोटोच्या वर ठेवले.

बाळंतपणाहून अमरावतीला परतल्यावर साधना प्रत्येक वेळी माझ्यात इस्त्रीचे शर्ट ठेवी आणि वरती फडक्यात बांधलेल्या दशम्या. रोहित सोन्याच्या कार्डाच्या खोलीत फुकटचे खाई आणि दशम्या माझ्या पोटात बुरसत. घरी परतल्यावर साधना ते फडके सोडी, बघे, आणि धुवायला टाकी.

हळूहळू मला एक गोष्ट उमगली. आम्ही कुठे जातच नव्हतो. नागपूरहून मुंबई, मुंबईहून दिल्ली, दिल्लीहून नागपूर. ना मीटिंग, ना मुक्काम. खुर्चीवर डुलकी काढायची आणि पुढच्या विमानात बसायचे. फक्त पॉइंटसाठी. घरी सांगायचे, कंपनीचे काम आहे.

अशाच एका फेरीत, माघ महिन्यात, प्रतीक्षाला ताप चढला. तापात तिला आकडी आली, डोळे फिरले. साधना घरी एकटी. तिने रोहितला फोनवर फोन लावले. आम्ही ढगांत होतो आणि फोन बंद होता. शेवटी शेजारच्या वच्छलाकाकूंनी पोरीला पदरात घेतले, रस्त्यात उभे राहून रिक्षा अडवली आणि दोघींनी दवाखाना गाठला. पोर वाचली. हे सगळे मला घरी परतल्यावर कळले. पण साधनाच्या हाताला जो कंप सुटला, तो तीन आठवडे गेला नाही. चहाचा कप बशीवर वाजत राही.

दुसऱ्या दिवशी रोहित घरी आला.

“मीटिंग झाली?” साधनाने विचारले.

“झाली न. दोन्ही दिवस तेच. जेवाले फुरसत नाही भेटली.”

साधनाने माझी चेन उघडली. तिने स्वतः घातलेल्या घड्या तशाच होत्या, कोपऱ्याला कोपरा जुळलेल्या. तिने एका शर्टाची कॉलर नाकाशी नेली. इस्त्रीचाच वास आला.

“बिनघामाची मीटिंग झाली तुमची,” ती म्हणाली. आवाज चढवला नाही. शर्ट तसेच उचलून कपाटात ठेवले. धुवायची गरजच नव्हती.

मित्रांनो, त्या क्षणी माझ्यात राग भरला. बॅगेला कसला राग, असे तुम्ही म्हणाल. अहो, माझ्यात जे भरतात तेच मी वाहते. आतापर्यंत इस्त्रीचे कपडे वाहिले, त्या दिवशी साधनाचा गिळलेला शब्द वाहू लागले. याला ज्या गोष्टीची चटक आहे तीच याच्या हातून हिसकायची, असे मी ठरवले. मी वाट पाहत राहिले. वाट पाहणे बॅगेला छान जमते.

साधना पोरीला घेऊन अकोल्याला गेली आणि मलाही बरोबर नेले. निघताना माणिकबाईंनी लेकीची ओटी भरली. तांदूळ, हळकुंड, सुपारी आणि हळदीकुंकू लावलेली खोबऱ्याची वाटी. साधनाने ती ओटी माझ्या आतल्या कप्प्यात ठेवली. अस्तराचा तो विरळ टाक्यांचा कोपरा तोवर उसवला होता. बसच्या धक्क्यांनी वाटी घसरली आणि अस्तराखाली गेली. मी तिला धरून ठेवले.

घरी आल्यावर साधनाने कप्पा चाचपला. तांदूळ सापडले, वाटी सापडली नाही.

दुसऱ्या दिवशी एकतीस मार्च होता. मिळालेले सोन्याचे कार्ड पुढे टिकवायला वेगळे पॉइंट लागत, आणि त्यासाठी रोहितला आणखी एक फेरी हवी होती. ती झाली की सोन्याचे कार्ड वर्षभर टिकणार, नाही तर पुन्हा निळे. तो हातातल्या फोनवर पॉइंटची बेरीज करत होता.

“ओटीचं खोबरं कुठं पडलं काय माहीत,” साधना म्हणाली. “ओटीतलं असं हरवू नये. जरा पाहू द्या नीट.”

“राहू दे न. मले सकाळी निघाचं आहे. शर्ट भर.”

तिने शर्ट भरले. दशम्या ठेवल्या नाहीत. मग तिने माझ्या चेनीला आकड्यांचे छोटे कुलूप अडकवले. “बॅग विमानाच्या पोटात टाकता न तुम्ही? कुलूप असू द्या. प्रतीक्षाच्या जन्माची तारीख आणि महिना ठेवला आहे.”

“हो हो,” रोहित म्हणाला. त्याची मान वर झाली नाही. साधना त्याच्याकडे जरा जास्त वेळ पाहत राहिली.

नागपूरला पोचताच त्याने मला काउंटरवर दिले. हातातली बॅग म्हणून मी त्याच्याबरोबर सहज विमानात गेले असते, पण त्याला ती लाल पट्टी हवी होती ना. पट्टी बांधून मी यंत्रात शिरले. यंत्राने माझे पोट पाहिले आणि पट्टा थांबला.

तपासणीच्या खोलीत मोनाली नावाची, परतवाड्याकडची, एक तरुण अधिकारी होती. तिने रोहितला बोलावून घेतले. “साहेब, अंदर काहीतरी गोल आहे. उघडा.”

“मी गोल्ड मेंबर आहो, मॅडम.”

“तुमी असान. बॅग नाही न.”

रोहितने कुलूप हातात घेतले. एक, चार, आठ. चौदा ऑगस्ट. कुलूप हलले नाही. त्याने पुन्हा लावले, मग हिसका दिला. ते कुलूप स्वस्तातले, एरवी हिसक्याने उघडले असते. मी चेनीचे सगळे दात आवळून धरले.

बाहेर विमानाची घोषणा सुरू होती. त्याने साधनाला फोन लावला. घाईत बोटाने स्पीकरच दाबला गेला.

“आकडा सांग लवकर.”

“काल सांगतला. लेकीच्या जन्माचा.”

“तोच लावून राहिलो. चौदा ऑगस्ट. नाही उघडत.”

पलीकडून प्रतीक्षाची बडबड ऐकू आली.

“साधना, दार बंद करतील ते. सांग न.”

“तुमची पोर आहे. तुमीच सांगा मले.”

त्याने तेरा लावून पाहिले. पंधरा लावले. कपाळावर घाम आला. मी त्याचा घाम पाहिला तो असा, पहिल्यांदा. मोनाली हाताची घडी घालून भिंतीकडे बघत होती. शेवटची घोषणा झाली, दरवाजा बंद झाला. तेव्हा साधना बोलली.

“बारा. चौदाले तुमी आलते.”

आणि तिने फोन ठेवला.

एक, दोन, आठ. मी उघडले. मोनालीने अस्तरात हात घालून खोबऱ्याची वाटी बाहेर काढली. “सुकं खोबरं तेलाचं असते, पेट घेते. विमानात चालत नाही,” ती म्हणाली. मग तिने वाटीवरचे कुंकू पाहिले आणि ती रोहितच्या तळहातावर ठेवली. “ओटीचं आहे. फेकू नका. घरी द्या.”

त्याच्या विमानाने काचेपलीकडे धाव घेतली. सोन्याचे कार्ड त्याच्या पाकिटात होते, पण दुसऱ्या दिवशीपासून त्याची किंमत निळ्या कार्डाएवढी. माझा सूड पुरा झाला. खोटा पश्चात्ताप मी दाखवणार नाही. फार बरे वाटले.

बाहेर आल्यावर त्याने मला लाथ मारली. चाक तुटले. शर्ट एका प्लॅस्टिकच्या पिशवीत कोंबून, मला खांबापाशी टाकून तो निघाला. मागे वळला नाही. पिशवी एका हातात, दुसऱ्या हातात खोबऱ्याची वाटी. पेटीचे बोलणे मला तेव्हा शब्दन् शब्द आठवले.

मित्रांनो, आपल्या वस्तू जपा, असे सगळ्याच जुन्या वस्तू तुम्हाला सांगतात. मीही सांगते. पण वस्तूआधी ती भरून देणारे हात जपा. कुणी प्रवासाहून आले की त्याने आणलेला खाऊ शोधण्याआधी, घरी कोण एकटे होते ते पाहा.

आणि माझे एक काम करा. तो तिथून गेला तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर काय होते, राग की लाज, हे खालून मला दिसले नाही. तो घरी पोचल्यावर काय झाले, तेही मला कळलेले नाही. सूड मी घेतला, पण त्या घरात साधना आहे, मी नाही. अस्तरात प्रतीक्षाचे एक झबले अजून अडकले आहे. ते चाचपत मी रोज हाच विचार करते.

तुमच्यापैकी कुणी अमरावतीला राजापेठेकडे गेलात, तर आतल्या गल्लीत दाराला वाळक्या शेवंतीचे तोरण असलेले घर शोधा. दार वाजवा. साधनाला विचारा, कशी आहेस.

“बरी आहो,” ती लगेच म्हणेल. नेहमीच म्हणते. तेवढ्यावर परत फिरू नका. आत जाऊन बसा, चहा मागा, आणि कप बशीवर वाजतो का ते ऐका.