दिंद्रुडच्या गिरणीतला समुद्र

ऐकू येतंय ना? मी शंख बोलतोय. देवघरात गंधफूल लावून बसतो तो मी नव्हे. तो आमचा श्रीमंत भाऊबंद. मी दिंद्रुडच्या पिठाच्या गिरणीत राहतो. अंगावर ज्वारीचं पीठ आणि पाठीवर लाल नेलपॉलिशनं लिहिलेलं 'कोकणची आठवण'. मला विचारलं असतं तर मी लिहू दिलं नसतं.

मला एका समुद्री गोगलगाईनं बांधलं. गवंडी नाही, सिमेंट नाही. स्वतःच्याच अंगातून थरावर थर चढवत तिनं जन्मभर एकच घर बांधलं आणि ते पाठीवर घेऊन फिरली. 'गोगलगाय आणि पोटात पाय' असं तुम्ही म्हणता ना, तेव्हा मला राग येतो. पाय पोटात नाही तर काय डोक्यावर ठेवायचे? ती गेल्यावर एक खेकडा न विचारता राहायला आला, आणि घर अपुरं पडायला लागल्यावर न सांगता निघून गेला. भाडेकरू कसे असतात हे मला तेव्हापासून ठाऊक आहे.

पुढे जाळ्यातून टपरीवर आणि टपरीवरून शाळेच्या सहलीला आलेल्या स्वप्नालीच्या पिशवीत. परतीचा सगळा प्रवास मी चिवड्यात बसून केला. गावी आल्यावर तिनं मला आजीला भेट दिलं. आजी म्हणजे वच्छलाबाई, या गिरणीच्या मालकीण. तीस वर्षं एकाच स्टुलावर बसून गावाचं दळण दळतात.

"आजी, कानाला लाव. समुद्र ऐकू येतो."

वच्छलाबाईंनी मला कानाला लावलं आणि डोळे मोठे केले. "आगं बाई! लई मोठा हाय की गं!"

पण कानाला लागलेल्या शंखाला सगळं कळतं. त्यांना काहीसुद्धा ऐकू आलं नव्हतं.

तसा माझ्यात समुद्रबिमुद्र काही नाही. भोवतीचा आवाज माझ्या पोटात घुमतो, एवढंच. गिरणीत पट्ट्याचा घुमायचा. पण दळणाला आलेली माणसं मला कानाला लावून डोळे मिटायची. शहादेवमामांना लाटा ऐकू यायच्या, संगीताला जहाजाचा भोंगा. या दोघांनी माजलगावच्या धरणापेक्षा मोठं पाणी कधी पाहिलेलं नव्हतं.

मग बहिऱ्या वच्छलाबाई गिरणी चालवायच्या कशा? हातानं. एक तळहात गिरणीच्या अंगावर, दुसऱ्या हाताची बोटं पडत्या पिठात. पीठ जास्त गरम लागलं की दगड फार जवळ आलेत. गिरणी जोरात थरथरली की वरचं धान्य संपत आलंय. कानांना त्यांनी कधीच रजा दिली होती. पण माणसाच्या बोलण्यावर हात ठेवता येत नाही, तिथं घोटाळा झाला. दळणाला आलेली पंचशीला गव्हाचा डबा ठेवून म्हणाली, "काकू, लापशीला जाडंभरडं काढा." काकूंनी हसून मान हलवली आणि गहू मैद्यासारखा बारीक काढून दिला.

पंचशीला हसली. वच्छलाबाईंचा मुलगा आदिनाथ मात्र हसला नाही.

"माय, तुला ऐकू येत न्हाई. म्या गिरणीवर माणूस ठेवतो. तू घरी बस," तो त्यांच्या कानाशी ओरडला.

"कावून? मी काय कपाट हाय, घरात नुसतं उभं राहायला? येतंय मला ऐकू!"

तेव्हा त्यांचा हात माझ्यावर होता. या बाईचं स्टूल गेलं तर काय उरणार, या काळजीनं माझ्याही पोटात गोळा आला.

गोळा खरोखरच होता. श्रावणातल्या दमट हवेत उडतं पीठ माझ्या पोटात बसून घट्ट झालं होतं. गेले दोन महिने माझ्यातून कुणालाच काही ऐकू येणं शक्य नव्हतं. तरी माणसं डोळे मिटतच होती.

दुसऱ्या दिवशी लाईट गेली. डब्यांची रांग लागली. आदिनाथ म्हणाला, "मायला ऐकू येतंय का न्हाई, चार माणसांदेखत निकाल लागू द्या. आधी आपण शंख ऐकू, मंग माय."

शहादेवमामांनी मला कानाला लावलं. "एक नंबर! लाटा फुटायल्यात."

"आज जरा खवळलाय," संगीता म्हणाली.

"मला तर मासेबी ऐकू येतेत," आदिनाथ म्हणाला.

मी ओरडून सांगणार होतो, पण तोंडात पीठ. वच्छलाबाईंनी मला बराच वेळ कानाशी धरलं आणि मग मांडीवर ठेवलं.

"खोटं बोलून लई थकले," त्या म्हणाल्या. "मला कायबी ऐकू येत न्हाई."

आदिनाथनं मान खाली घातली. जिंकल्यावर माणूस इतका पडेल दिसतो, हे मी प्रथमच पाहिलं.

पंचशीलाची पाळी राहिली होती. तिनं मला कानाला लावलं, हलवलं. "काकू, मलाबी न्हाई येत." मग माझ्या तोंडात डोकावून तिनं केसातला आकडा काढला आणि आत फिरवला. पिठाचा गोळा थप्पकन आदिनाथच्या पायावर पडला.

"आन् तू मासे कोणचे ऐकले बे?" शहादेवमामांनी विचारलं. मग त्यांना स्वतःच्या लाटा आठवल्या आणि ते छताकडे बघू लागले.

तेवढ्यात लाईट आली. आदिनाथनं मुकाट्यानं आईचं स्टूल पुसलं आणि पंचशीलाचा डबा उचलून गिरणीत ओतला. वच्छलाबाई स्टुलावर बसल्या. "कसं पायजे ते बोटानं दाव," त्यांनी पंचशीलाला सांगितलं. पंचशीलानं चिमूट चोळून दाखवली. लापशी झकास झाली म्हणे.

आता गावात सगळे बोटांनी सांगतात. मलाही नोकरी लागली आहे. मी गिरणीच्या अंगावर असतो आणि माझ्यावर वच्छलाबाईंचा तळहात. धान्य संपत आलं की मी खडखडतो आणि त्या दुसरा डबा मागतात. तेव्हा दळणाला आलात तर मला कानाला लावू नका, मी कामात असतो. आणि कधी काही ऐकू आलं नाही, तर सरळ 'न्हाई' म्हणा. कुणाचं तरी स्टूल वाचतं.

परवा स्वप्नाली आजीसमोर उभी राहिली आणि माझ्याकडे बोट दाखवून तिनं भुवया उडवल्या.

वच्छलाबाईंनी तळहात माझ्यावर जरा दाबला. "ऐकू येतो गं आता," त्या म्हणाल्या. "लई मोठा हाय."

हाताखालच्या शंखालाही सगळं कळतं. या वेळी त्या खरं बोलत होत्या.