गुमरा पिईल तिथे

सकाळी मोजलं तेव्हा आमच्याकडे होतं ते असं: सतरा म्हशी, तीन रेडकं, एक होडी, बोरूच्या चटयांचं एक घर आणि दारातल्या कालव्यात गुडघाभर पाणी. मार्चमध्ये ते छातीला लागायचं. वर, सीमेपलीकडे, नवं धरण भरत होतं.

मी क्षारमापक बुडवला. लिटरला अकरा हजार आठशे मिलिग्रॅम. पशुवैद्यांनी सांगितलेली मर्यादा सात हजार. त्यापुढे दूध आटतं, मग डोळे जातात. दोन म्हशींच्या डोळ्यांवर आधीच पांढरा पडदा आला होता.

"युफ्रेटिसच्या मोठ्या पात्राकडे आजच निघू," मी म्हणाले.

"तुझं यंत्र पाणी पितं का?" बाबा म्हणाले. "गुमरा पिईल तिथे थांबायचं."

गुमरा कळपाची म्होरकी, गाभण, दिवस भरत आलेले.

"तहानेनं ती काहीही पिईल, बाबा."

"तुझ्यापेक्षा तिला चव कळते. तू चहात चार चमचे साखर घालतेस."

आई हसली आणि होडीत भांडी चढवू लागली.

बाबा होडीतून हाका घालत पुढे, कळप मागे. थोड्याच अंतरावर कालवा संपला, चिखल लागला. इथून म्हशी पोहत जायच्या; गुमरा सवयीनं सरळ घुसली आणि पोटापर्यंत रुतली. बाकीच्या तिच्यामागे निघाल्या.

"अहो, हाका थांबवा!" आई ओरडली.

बाबांनी तोंडावर हात दाबला. कळप काठावर थबकला.

गुमरा धडपडली की आणखी खाली जायची. दोरानं ओढलं तर मान पिळवटत होती.

"पायांखाली काहीतरी घट्ट हवं," मी म्हणाले.

आईनं मागे वळून पाहिलं. "घराच्या चटया काढा."

"वबरिया, घर आहे ते," बाबा आईला म्हणाले.

"म्हशी गेल्यावर त्यात कोण राहणार? मासे? तेही उरले नाहीत. चला."

आम्ही छप्पर उतरवलं. चटया तिच्या पायांखाली सारत गेलो, एकीवर एक. दुपारी गुमरा थरथरत वर आली. मागे घराच्या नुसत्या कमानी उभ्या होत्या.

होडी सोडून, वळसा घालून, संध्याकाळी मोठ्या पात्रावर पोचलो. गुमरा थेट पाण्यात शिरली आणि घटाघटा प्यायली. बाकीच्याही.

"बघ," बाबा म्हणाले. त्यांचा आवाज बसला होता. "आता तुझ्या यंत्रालाही पाज."

मी मापक धुतला, पाण्यात धरला, आकडा स्थिर होऊ दिला.

आठ हजार एकशे चाळीस.