साळूबाईंचे गोंदण

पाहणे हेही एक कर्म आहे, आणि त्याचे दायित्व पाहणाऱ्यावर येते. एखाद्या मुखाकडे कोणी सहस्रवार पाहिले, परंतु केवळ आपल्या कामापुरते पाहिले, तर त्याने ते मुख पाहिले असे म्हणावे काय? सुप्याच्या औद्योगिक वसाहतीत कॅमेऱ्यांचे संशोधन करणाऱ्या रंगनाथरावांपुढे हा प्रश्न एका सोमवारी सकाळी, टोपी हातात धरून, येऊन उभा राहिला.

आलेल्या गृहस्थांचे नाव सहादेव. त्यांची पत्नी साळूबाई या विभागात चार वर्षे झाडलोट करीत असत. मागल्या बुधवारी त्या झोपेतच गेल्या होत्या.

"शुक्रवारी दहावा हाय, साहेब. गावाकडं, भंडारदऱ्याच्या वर," सहादेव म्हणाले. "फोटू पायजे. घरात तिचा एक बी न्हाई. आधारकार्डावरचा तर वळखू येत न्हाई. मी म्हनायचो, काढू एखादा. तर म्हनायची, कशाला, कंपनीत माझं हजारानं हायेत."

त्या खरेच बोलत असत. खिशात मावेल असा लहान डिजिटल कॅमेरा येथे घडत होता. मोबाईल हाती असूनही तरुणांना असे कॅमेरे पुन्हा हवेसे वाटू लागले होते. कॅमेऱ्याच्या रंगजुळणीत काहीही बदल केला की पहिले छायाचित्र साळूबाईंचे, हा विभागाचा परिपाठ होता. सकाळी सर्वांआधी त्याच हजर असत. रंग ताडून पाहण्यासाठी रंगीत चौकटींचा पुठ्ठा हनुवटीशी धरून त्या खिडकीपाशी उभ्या राहत.

"साहेब, रोज काढून काढून माझं तोंड झिजंल की."

"झिजलं तर तुम्हाला नवीन भिंग बसवू," रंगनाथराव म्हणत.

मात्र दर शनिवारी ती सारी छायाचित्रे पुसली जात. कोणाचे मुख विनाकारण यंत्रात राहू नये, हा नियम रंगनाथरावांनीच घातला होता आणि त्याचा त्यांना अभिमानही होता. उरत असे ते वहीत टिपलेले रंगांचे आकडे. अंतिम मान्यतेसाठी काढलेला साळूबाईंचा एक छापील नमुना तेवढा चौकटीत घालून दाराशी टांगलेला होता. रंगनाथरावांनी तिकडे बोट दाखवले.

सहादेवांनी बराच वेळ पाहिले. "ही कोन?"

"साळूबाई."

"न्हाई," ते शांतपणे म्हणाले. "ही लई गोरी हाय."

रंगनाथरावांना वाटले, आता लाज वाटेल. वाटली नाही. अंगाखाली दबून बधिर झालेल्या हातासारखे काहीतरी छातीत नुसते पडून होते. त्यांनी सहादेवांना बसवले, वही काढली, आणि साळूबाईंच्या गालाचे, कपाळाचे मूळ आकडे आपल्या सहकारी ज्ञानेश्वरीला वाचून दाखवले. तासाभरात त्या नमुन्याचे पडद्यावरचे मुख सावळे झाले. नवी प्रत छापून आली.

"रंग तिचाच," सहादेव म्हणाले. "पर कपाळ रिकामं हाय. गोंदण कुठं गेलं?"

ज्ञानेश्वरीने मान खाली घातली. चेहरे नितळ करण्याचे काम कॅमेऱ्याला शिकवीत असताना, दोन वर्षांपूर्वी, तिने विचारले होते, "सर, हे गोंदण आहे. याला डाग कसं म्हणू?"

"रकाने दोनच आहेत. त्वचा आणि डाग," रंगनाथराव उत्तरले होते. "त्वचा नाही ना? मग डाग."

यंत्र आज्ञाधारकपणे शिकले. रंग कॅमेऱ्याने केवळ उजळवला होता, म्हणून तो परतला. गोंदण पुसून त्या जागी त्वचा भरलेली होती; परतण्यासारखे तेथे काही उरलेच नव्हते. रंगनाथरावांनी आठवून पाहिले. तीन ठिपके होते, की पाच? चार वर्षांनंतरही त्यांना सांगता येईना.

"ते आम्ही पुसलं," ते म्हणाले. "चुकून नाही. मी सांगितलं म्हणून."

सहादेवांनी त्यांच्याकडे पाहिले. रागावले नाहीत. "पेन हाय का?"

ज्ञानेश्वरीने बारीक टोकाचे काळे पेन दिले. सहादेवांनी प्रत टेबलावर सपाट धरली आणि क्षणभरही न चाचपडता दोन भुवयांमध्ये तीन ठिपके ठेवले. दोन खाली, एक वर.

"हनुवटीवर बी एक हुता. तो तुमच्या पुठ्ठ्याखाली गेला. ऱ्हाऊ द्या." त्यांनी प्रत जरा दूर धरली. "आता हाय."

प्रतीचे पाकीट छातीशी धरून ते भंडारदऱ्याकडच्या प्रवासाला निघाले. रंगनाथरावांनी दाराशी टांगलेली चौकट उतरवून ठेवली.

"ज्ञानेश्वरी, तिसरा रकाना करा."

"सर, माल बाहेर पडायला लागलाय. आता झालं तर पुढच्या मॉडेलला."

"हो. तरी करा."

"नाव काय देऊ?"

"गोंदण."

खिडकीपाशी ऊन आले होते. उभे राहायची खूण म्हणून जमिनीवर चिकटवलेली पट्टी तेथे तशीच होती. रंगनाथराव तिच्यावर पाय न ठेवता वळसा घेऊन आपल्या जागी गेले.

साळूबाईंना सद्गती लाभो. ज्या हाताला ती तोंडपाठ होती, तो हात सुखी राहो. आणि ज्यांना फार उशिरा दिसले, त्यांच्या दृष्टीचेही कल्याण होवो.