अर्धा सूर वर

एझ्रा टब्स यांच्या माउथ ऑर्गनचा सूर आणि एनिडच्या बेस गिटारचा सूर एकमेकांवर घासत होते. फरक अर्ध्या सुराचा, आणि पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत तेवढाच. एनिड पोलादाच्या कारखान्यातल्या प्रयोगशाळेत काम करायची. दर वेळी सारखंच चुकत असेल, तर आधी उपकरण तपासावं, हे तिच्या अंगवळणी पडलं होतं.

शेफील्डमधल्या एका पबच्या माडीवर 'ग्राइंडर्स' बँडची तालीम चालली होती. शिकागोच्या टब्सच्या रेकॉर्डी ऐकून ही मंडळी ब्लूज शिकली. आज संध्याकाळी त्यांनाच साथ करायची होती.

टब्सनी हात वर केला. "थांबा रे पोरांनो. हे गाणं तुम्हाला कुणी शिकवलं?"

"तुम्हीच. म्हणजे तुमच्या रेकॉर्डनं," गिटारवाला क्लाइव्ह म्हणाला.

"क्लाइव्ह, तुझा रेकॉर्ड प्लेअर जोरात पळतो," एनिड म्हणाली. "म्हणून आपलं सगळं वर चढलंय. लयसुद्धा."

"माझ्या मावशीनं दिलेल्या प्लेअरला नावं ठेवू नकोस हं!" म्हणता म्हणता क्लाइव्हचे कान लाल झाले. "म्हणजे इतके दिवस आपण चुकीचं वाजवतोय?"

लंडनच्या एजंटनं बँडला वर्षभराचा दौरा देऊ केला होता. बाकीचे केव्हाच तयार होते. एनिड मात्र ईस्टरपासून 'बघू' म्हणत होती. दुसऱ्याची नक्कल करायला चांगली नोकरी कोण सोडतं? आणि आता तर नक्कलही धड नव्हती.

"पुन्हा वाजवा," टब्स म्हणाले. "तुमच्याच पट्टीत. मी नुसता ऐकतो."

त्यांनी वाजवलं. टब्सचा बूट आधी अडखळला, मग जमिनीवर ठेका धरू लागला. शेवटी ते मोठ्यानं हसले.

"माझ्या गाण्यातला माणूस शेतातून दमून घरी चालत येतो. तुमचा तर बस पकडायला धावतोय! आज माझ्यासाठी खाली उतरा, माझा बाजा काही वर चढायचा नाही. पण तुमच्या कार्यक्रमात हे असंच ठेवा. माझ्यासारखं वाजवणारे आमच्या गल्लीत ढिगानं आहेत. असं वाजवणारं कुणी ऐकलं नाही मी."

"ऐकलंस?" क्लाइव्ह एनिडला म्हणाला. "मावशीला केक घेऊन जा आता."

"केक तू ने." एनिड खुंट्या पिळून तारांचा सूर उतरवत होती. तिनं मान वर केली. "आणि लंडनला फोन कर. सोमवारी मी राजीनामा देतेय. मी येते दौऱ्यावर."