खंड्याचं नाव पुन्हा

नौदलाच्या नामकरण विभागातल्या हेडक्लार्कना कचेरीत सगळे आत्याबाई म्हणत. सत्तावीस वर्षं ते जहाजांची नावं सुचवत होते. नाव ठेवायला पाच जणांची समिती आणि मग नावं ठेवायला अख्खं नौदल, असं ते म्हणायचे. आता तेही म्हणायचा कंटाळा आला होता.

समुद्रातले सुरुंग काढणाऱ्या छोट्या बोटींना पक्ष्यांची नावं द्यायचा नियम होता. नव्या बोटीसाठी त्यांनी 'बगळा' सुचवलं. अध्यक्ष म्हणाले, बगळा ढोंगी. 'टिटवी' अपशकुनी निघाली. 'घार' आधीच दुसऱ्या बोटीला दिलेलं. दहाव्या बैठकीत समितीने दमून 'खंड्या' धरलं.

जुनी खंड्या एकोणीस वर्षांपूर्वी सात माणसांसह बुडाली होती. अशा बोटीचं नाव पुन्हा द्यायचं तर घरच्यांची संमती लागे. सहा सह्या टपालाने आल्या. सातवा फॉर्म, बोटीवरच्या आचाऱ्याच्या बायकोचा, कोराच परत आला.

"जाऊन समजवा हो तिला," अध्यक्ष म्हणाले. "एका सहीपायी अकरावी बैठक नको."

ती चौथ्या मजल्यावर राहायची. आत्याबाई गुडघे धरत वर पोचले. तिने आधी पाणी दिलं, मग खुर्ची.

"ताई, नाव परत दिलं म्हणजे त्यांचा मानच आहे."

"कळतं मला." ती शिवणाचा पसारा आवरत म्हणाली. "पण भाऊ, आज कुणी खंड्या म्हटलं की ती बुडालेलीच आठवते. नवी आली की खंड्या म्हणजे नवी. मग आमची कुठली?"

त्यांनी कोरा फॉर्म घडी करून खिशात ठेवला.

"जरा वेळ बसू का?" त्यांनी विचारलं. "उतरायचं त्राण नाही."

"बसा की."

तिने मशीन चालू केलं. अर्ध्या तासाने ते उठले.

कचेरीत येऊन त्यांनी टिपण लिहिलं: एक कुटुंब असहमत, नाव मागे घ्यावं.

"आत्याबाई, एवढंही जमलं नाही?" अध्यक्ष कातावले.

"नाही जमलं, साहेब." आपण धड प्रयत्नच केला नाही, हे सांगायचाही त्यांना शीण आला.

अकराव्या बैठकीत 'पाणकावळा' ठरलं. ते कुणालाच आवडलं नाही, पण सगळ्यांना जेवायला जायचं होतं. आत्याबाईंनी हुकमाची एक प्रत त्या बाईंना पाठवली. उत्तर आलं नाही. त्यांनी वाटही पाहिली नव्हती. टेबलावर नव्या पाणबुडीची फाईल येऊन पडली होती. पाणबुड्यांना माशांची नावं. वर अध्यक्षांची चिठ्ठी: या वेळी पचतील अशी सुचवा.